वीस लाखांच्या कर्जाचे एक्केचाळीस लाख

मुक्ताईनगर तालुक्यातला केळीवाला शेतकरी सकाळी चहाच्या आधी रावेर आणि बऱ्हाणपूरचा भाव बघतो. व्यापाऱ्यानं क्विंटलमागं पन्नास रुपये कमी सांगितले, तर कापणी दोन दिवस थांबवायची त्याची तयारी असते. घर बांधायला काढलं की लोखंड आणि सिमेंटसाठी तो भुसावळ-जळगावची दुकानं पालथी घालतो, मिस्त्रीशी चौरस फुटाच्या दरावर तासभर बोलतो. असा हिशेबी माणूस गृहकर्जाच्या टेबलासमोर बसला, की त्याच्या तोंडून एकच प्रश्न निघतो : हप्ता किती बसेल? तो झेपतोय असं वाटलं की सही होते. शेवटपर्यंत मिळून एकूण किती रुपये जातील, हे माझ्या टेबलाशी बसलेल्या फार थोड्या लोकांनी विचारलं.

माझी बहुतेक नोकरी बँकेच्या कर्जविभागात झाली. निवृत्तीनंतरही ओळखीची माणसं मंजुरीचं पत्र घेऊन घरी येतात, ‘ताई, जरा नजर टाका’ म्हणतात. त्या सगळ्यांना मी एकच गोष्ट पटवायला बघते. कर्ज काढून घेतलेल्या घराची किंमत मोठ्या अंशी मुदत ठरवते. जागेचा भाव आपल्या हातात नसतो, व्याजाचा दर थोडाफार असतो, पण किती वर्षं फेडायचं हे पूर्णपणे आपल्याला ठरवता येतं. आणि नेमकं तिथंच लोक बँकेचा माणूस म्हणेल त्याला मान डोलावतात.

माझा भाचा जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहे आणि भाचेसून परिचारिका. भाड्याच्या दोन खोल्यांत मुलं मोठी व्हायला लागली, तेव्हा त्यांनी गावातच एक तयार रो-हाऊस पाहिलं. घरची पुंजी आणि सासरची मदत धरून २० लाख कमी पडत होते. कर्ज मिळवून देणाऱ्या प्रतिनिधीनं दोन पर्याय लिहून दिले. व्याज दोन्हीकडं साडेआठ टक्के. मुदत २० वर्षं घेतली तर हप्ता १७,३५६ रुपये, ३० वर्षं घेतली तर १५,३७८. भाचा कागद घेऊन आला तो ठरवूनच.

“आत्या, तीस वर्षांचंच घेतो. महिन्याला दोन हजार वाचतात. निदान किराणा तरी निघेल त्यात.”

मी त्याला कॅल्क्युलेटर दिला आणि म्हटलं, हप्त्याला महिन्यांनी गुण. २० वर्षांचे २४० हप्ते : ४१ लाख ६५ हजार. ३० वर्षांचे ३६० हप्ते : ५५ लाख ३६ हजार. कर्ज दोन्हीकडं तेच २० लाख. म्हणजे महिन्याचे १,९७८ रुपये वाचवण्यासाठी तो बँकेला १३ लाख ७० हजार जादा देणार होता, आणि कर्ज निवृत्तीच्या पलीकडं नेणार होता. तो गप्प झाला. भाचेसून मात्र लगेच म्हणाली, “मग उलटं करून बघू या ना आत्या. पंधरा वर्षांचं काय होतं?”

पंधरा वर्षांचा हप्ता १९,६९५ बसतो. वीस वर्षांच्या हप्त्यापेक्षा २,३३९ रुपये जास्त. पण एकूण व्याज २१ लाख ६५ हजारांवरून १५ लाख ४५ हजारांवर येतं. सहा लाख वीस हजार रुपये घरातच राहतात. दोघांचे पगार होते, दोघांनी मिळून पंधरा वर्षं ठरवली. मुलीच्या कॉलेजचा खर्च सुरू होईल तेव्हा कर्ज संपत आलेलं असेल, हाही हिशेब भाचेसुनेनंच मांडला.

जिथं वेगळं सांगितलेलं नाही, तिथं पुढची उदाहरणं मी २० लाख, साडेआठ टक्के आणि २० वर्षं धरूनच देते, कारण माझ्याकडं येणारे बहुतेकजण हीच मुदत मागतात. आज काही बँकांचा दर याहून कमी आहे, पण वीस वर्षं एका जागी थांबणारा दर मी कधी पाहिलेला नाही.

आता व्याज एवढं का होतं, ते. हप्ता २४० महिने सारखाच दिसतो, पण त्याच्या आतली वाटणी दर महिन्याला बदलते. पहिल्या महिन्यात २० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी व्याज होतं १४,१६७ रुपये. १७,३५६ च्या हप्त्यातून ते आधी कापलं जातं. मुद्दलाच्या वाट्याला येतात ३,१९० रुपये. दुसऱ्या महिन्यात मुद्दलाचा वाटा वाढतो तो २२-२३ रुपयांनी. सुरुवातीची वर्षं अशी मुंगीच्या पावलानं जातात. पाच वर्षं झाली की तुम्ही १० लाख ४१ हजार भरलेले असतात आणि कर्ज उतरलेलं असतं फक्त २ लाख ३७ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे बरोबर अर्धी मुदत संपल्यावर, निम्मं कर्ज फिटलं असेल असं सगळ्यांना वाटतं. प्रत्यक्षात १४ लाख बाकी असतात. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो बारावं वर्ष सरता सरता.

सहाव्या-सातव्या वर्षी बदली होते, किंवा भाऊ वेगळे होतात, घर विकायची वेळ येते आणि माणूस बाकी विचारायला बँकेत जातो. ‘मॅडम, साडेदहा लाख भरले आणि अजून साडेसतरा लाख बाकी कशी?’ हा प्रश्न विचारताना माणसांचे आवाज चढलेले मी ऐकले आहेत, डोळ्यांत पाणीही पाहिलं आहे. कुणी फसवलेलं नसतं. जेवढं मुद्दल बँकेचं तुमच्याकडं आहे तेवढ्यावर व्याज, एवढा साधा नियम असतो. सुरुवातीला मुद्दल जास्त म्हणून व्याज जास्त. पण हे सही करायच्या दिवशी कुणी समोर बसवून दाखवलं असतं, तर त्या माणसानं मुदत वेगळी घेतली असती किंवा कर्जच कमी काढलं असतं. तो एक तास कुणी देत नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

व्याज किती वाढू द्यावं, हा प्रश्न जुनाच आहे. जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचा नियम होता आणि मुंबई इलाख्यातली न्यायालयं तो पाळत : थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येत नाही. सावकारी कर्जापायी १८७५ साली पुणे जिल्ह्यातल्या सुप्यापासून दंगे सुरू झाले, त्यातून १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीचा साहाय्य कायदा आला. आपल्या आजोबा-पणजोबांना कायद्याची कलमं ठाऊक नव्हती, पण व्याजाला कुठंतरी कुंपण हवं ही समज त्यांच्यात पक्की होती. गृहकर्जाला हे कुंपण लागत नाही, कारण इथं व्याज साचतच नाही, दर महिन्याला चुकतं होतं. साडेआठ टक्के दरानं मुदत पावणेएकोणीस वर्षांच्या पुढं गेली, की एकूण व्याज मुद्दलाच्या वर जातं, आणि त्यात बेकायदा काही नसतं. मर्यादा आपणच घालून घ्यावी लागते.

दर बदलतो तेव्हा काय होतं, हे २०२२ नंतर आपल्याकडच्या पुष्कळ घरांनी अनुभवलं. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या व्याजदराची गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या दराशी, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, बांधलेली आहेत. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५० वर गेला. समजा, कुणी त्याआधी सात टक्क्यांनी २० लाख काढले होते. हप्ता १५,५०६. दर नऊ टक्के झाला तर २० लाखांवर महिन्याचं व्याजच १५,००० होतं. मुद्दलाला उरतात ५०६ रुपये. हप्ता तोच ठेवला, तर वीस वर्षांचं कर्ज अडतीस वर्षांचं होतं.

हप्ता तोच ठेवून मुदत वाढवणं हेच सर्रास झालं. ग्राहकाला झळ बसत नाही, तक्रार येत नाही. मोबाइलवर इंग्रजीत एक संदेश येतो आणि तो वाचला जात नाही. दीपनगरच्या वीज केंद्रातल्या एका कामगाराचा उतारा मी पाहिला, त्याचा शेवटचा हप्ता त्याच्या वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी येत होता. निवृत्ती अठ्ठावन्नाला. त्याला ते ठाऊकच नव्हतं.

रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानं यावर बंधन आणलं. दर बदलला की हप्ता आणि मुदत यांवर काय परिणाम होतो ते बँकेनं कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं, हे ग्राहकाला निवडू द्यायचं, बँकेच्या धोरणाप्रमाणे स्थिर दरात जाण्याची सोय द्यायची (२०२५ पासून ही सोय बँकेच्या मर्जीवर आहे), दर तिमाहीला विवरण द्यायचं आणि हप्त्यात व्याजसुद्धा भागत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. हा अधिकार कागदावर आहे. शाखेत जाऊन तो मागावा लागतो. दर वाढला की अर्ज द्या : हप्ता वाढवा, मुदत तीच ठेवा.

दर उतरतो तेव्हा उलटी संधी येते आणि तीही लोक सोडतात. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्यानं ६.५० वरून ५.२५ वर आला. अशा वेळी हप्ता कमी करून मागण्याचा मोह होतो. आपल्या उदाहरणात दर साडेसातवर आला आणि हप्ता १७,३५६ च ठेवला, तर २४० ऐवजी २०५ महिन्यांत कर्ज संपतं. जवळजवळ तीन वर्षं गळतात, खिशातून एक रुपयाही जादा न देता. मात्र तुमचं कर्ज खरोखर रेपोशी जोडलेलं आहे का, ते आधी बघा. २०१० नंतरची जुनी कर्जं बेस रेटवर, २०१६ नंतरची एमसीएलआरवर, म्हणजे बँकेनं स्वतः ठरवलेल्या दरांवर होती. त्यांतली काही अजून तिथंच पडून आहेत. गृहवित्त कंपन्यांना रेपोशी जोडण्याचं बंधनच नाही. अशा जुन्या ग्राहकाचा दर रेपोबरोबर आपणहून उतरत नाही, थोडं शुल्क भरून तो बदलून मागावा लागतो.

मुक्ताईनगरसारख्या गावात व्याजाच्या दराइतकाच कागदाचाही प्रश्न असतो. इथं गावठाणातली घरं आहेत, ज्यांचा पुरावा म्हणजे नमुना ८ चा उतारा आणि तोही कधी आजोबांच्या नावावर. बिनशेती न झालेले, गुंठ्यानं विकलेले तुकडे आहेत. जुन्या खरेदीखतांवर गावाचं पूर्वीचं नाव एदलाबाद आहे आणि वकील तीस वर्षांचा सर्च घेतो तेव्हा एखादी वारसनोंद राहिलेली निघते. मोठी बँक अशा फायलीला हात लावत नाही. दुकानदार, गॅरेजवाला, केळीचा छोटा व्यापारी यांची आवक चांगली असते, पण आयकर विवरणपत्र भरलेलं नसतं. मग ही माणसं एखाद्या गृहवित्त कंपनीकडं जातात, जी कागद सैल चालवून घेते आणि १२ टक्के किंवा त्याहून जास्त व्याज लावते. अशा कंपन्यांमुळं पुष्कळांना घर मिळालं, हे मी मान्य करते. पण २० लाखांवर २० वर्षांसाठी १२ टक्क्यांचा हप्ता २२,०२२ होतो आणि एकूण व्याज ३२ लाख ८५ हजार. साडेआठ टक्केवाल्यापेक्षा ११ लाख २० हजार जास्त. म्हणजे न झालेली वारसनोंद, न काढलेला बिनशेती आदेश आणि न भरलेलं विवरणपत्र यांची किंमत अकरा लाख रुपये. त्यासाठी तलाठी, नगरपंचायत आणि कर सल्लागाराच्या वर्षभर खेपा घालाव्या लागल्या, तरी त्या घाला. घर एक वर्ष उशिरा झालं तरी चालेल.

कुणी ‘फ्लॅट ९ टक्के’ म्हणालं, तर तिथं थांबा. फ्लॅट म्हणजे मुद्दल उतरत गेलं तरी व्याज पहिल्या दिवसाच्या पूर्ण रकमेवर. पाच लाख, पाच वर्षं, फ्लॅट ९ टक्के, याचा हप्ता १२,०८३ येतो आणि उतरत्या बाकीनं मोजलं तर तो दर साडेपंधरा टक्क्यांच्या पुढं जातो.

कर्जाच्या पहिल्या दिवशी निघणारे खर्च लोक हिशेबात धरत नाहीत. मुद्रांक शुल्क, नोंदणीचा १ टक्का (कमाल ३० हजार), प्रक्रिया शुल्क, वकिलाचा सर्च, मूल्यांकन. बँक घराच्या किमतीवर कर्ज देते, आणि मुद्रांक-नोंदणीचा खर्च साधारणपणे त्या किमतीत धरत नाही, तो रोख लागतो. महाराष्ट्रात २०२१ पासून निवासी घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. नवरा-बायको दोघांच्या नावावर घेतलं तर ती मिळत नाही. नगरपंचायत हद्दीत पहिलं घर घेणाऱ्या आणि वार्षिक उत्पन्न ९ लाखांच्या आत असणाऱ्या कुटुंबानं प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० मधल्या व्याज अनुदानाची चौकशी आधी करावी. ३५ लाखांपर्यंतचं घर आणि २५ लाखांपर्यंतचं कर्ज असेल, तर पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के या हिशेबानं जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, पाच वार्षिक हप्त्यांत मिळतात.

विम्याबद्दल मला जरा जोरानं बोलायचं आहे. कर्जाबरोबर एकरकमी हप्त्याचा विमा दिला जातो आणि ‘रोख भरायला नको, कर्जातच टाकू’ असं सांगितलं जातं. ६० हजारांचा विमा कर्जात टाकला की वीस वर्षांत त्याचे सव्वा लाख होतात. कमावत्या माणसाचा विमा हवाच. कर्ता गेला तर विधवेनं हप्ता भरायचा की मुलांची फी, अशी वेळ मी पाहिलेली आहे. पण तो त्याच कंपनीचा, त्याच दिवशी आणि कर्जात मिळवून घेण्याची सक्ती कोणत्याही कायद्यात नाही. बाहेरून साधा टर्म विमा घ्या, वर्षाच्या वर्षाला भरा, आणि तो कर्जाला जोडून द्या.

हे सगळं एका कागदावर बघायची सोय आता झाली आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या किरकोळ कर्जांना ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणं बंधनकारक आहे. त्यात सगळी शुल्कं धरून येणारा खरा वार्षिक दर, म्हणजे एपीआर, असतो आणि हप्त्यांचं पूर्ण वेळापत्रकही. ते ग्राहकाला समजेल अशा भाषेत असावं, असा नियम आहे. मराठीत मागा. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर न करता या एपीआरवर करा.

कर्ज चालू झाल्यावर हाती उरणारं सगळ्यांत मोठं हत्यार म्हणजे मुदतीआधी भरलेला पैसा. त्यातही वेळेला फार महत्त्व आहे. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरले, तर पुढचे २६ हप्ते गळतात. म्हणजे एक लाख भरून साडेचार लाखांची देणी मिटतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले, तर साडेआठ हप्ते गळतात. रक्कम एकच, फळात एवढा फरक. आणि एकरकमी लाख जमत नसतील, तर दर वर्षी एक हप्ता जादा भरा. वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ-नऊ महिन्यांत संपतं आणि चार लाखांच्या वर व्याज वाचतं.

आपल्या भागात हा तेरावा हप्ता कुठून येईल, हे प्रत्येकाला ठाऊक आहे. भुसावळच्या रेल्वेवाल्यांना आणि वरणगावच्या आयुध निर्माणीवाल्यांना दसऱ्याच्या सुमाराला बोनस मिळतो. शिक्षकांना महागाई भत्त्याचा फरक येतो. केळीवाल्याचा पैसा मृगबाग किंवा कांदेबाग कापल्यावर एकदम हातात येतो, महिन्याच्या महिन्याला येत नाही. शेतकऱ्यानं कर्ज घेतानाच सहामाही किंवा वार्षिक हप्त्याची सोय आहे का, असं विचारावं. काही बँका पिकाच्या हंगामाप्रमाणे तशी सोय देतात. मासिक हप्ताच घ्यावा लागला, तर बाग कापल्यावर आधी सहा हप्त्यांएवढी रक्कम खात्यात बाजूला ठेवा. मे-जूनच्या वादळानं उभी बाग आडवी केली, तर हप्ता चुकू नये म्हणून. ती ठेवल्यानंतर उरलेल्यातून कर्जात भरा. गाडी त्यानंतर.

माणसानं स्वतःच्या नावानं घेतलेल्या, बदलत्या व्याजदराच्या गृहकर्जावर बँकांना मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही; २०१२ पासून हा नियम आहे. पैसे भरताना फक्त एक लेखी अर्ज द्या : हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. अर्ज दिला नाही तर हप्ता कमी करून मुदत तशीच राहू शकते, आणि भरलेल्या पैशाचा बराचसा फायदा निघून जातो.

जळगाव जिल्ह्यात याची दुसरी बाजू फार कडू आहे. घराचं कर्ज साडेनऊ-दहा टक्क्यांनी चालू असताना, जादा व्याजाच्या आशेनं पतसंस्थांत ठेवी ठेवणारी कितीतरी कुटुंबं मला ठाऊक आहेत. पतसंस्था बुडाल्या. ठेव गेली, कर्ज राहिलं, हप्ता चालूच राहिला. साडेआठ टक्क्यांच्या कर्जात भरलेला रुपया साडेआठ टक्के कमावतो, त्यात जोखीम शून्य. त्याहून जास्त खात्रीनं देणारी ठेव आपल्या बाजारपेठेत कुणी दाखवली, तर तिच्यापासून लांब राहा.

शिकलेली मुलं मला दोन गोष्टी सांगून अडवतात. पहिली, ‘गृहकर्जानं कर वाचतो.’ जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते, हे खरं. पण आता नवी पद्धत हीच मूळची धरली जाते आणि तिच्यात राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही. २०२५-२६ पासून त्या पद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला करच लागत नाही. तालुक्याच्या गावातल्या बहुतेक पगारदारांना कर्ज लांबवण्याचं हे कारण उरलेलं नाही.

दुसरी गोष्ट जास्त वजनाची आहे. रुपयाची किंमत उतरत जाते, म्हणून वीस वर्षांनंतरचा हप्ता हलका वाटेल. हे बरोबर आहे. महागाई पाच टक्के धरली, तर विसाव्या वर्षातले १७,३५६ रुपये आजच्या साडेसहा हजारांएवढे असतील. ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो, त्याला हा आधार मिळतो, आणि त्यानं घराचं सगळं व्याज तोटा म्हणून मोजू नये. भाडंही वाचतं, तेही धरावं. पण वयाच्या पन्नाशीनंतर दुकानाची विक्री वाढेलच, ट्रक चालवायचं बळ राहीलच, केळीला भाव मिळेलच, असं कोण लिहून देईल? हलक्या होणाऱ्या हप्त्यावर फक्त त्यानंच विसंबावं, ज्याच्या पगाराला महागाई भत्ता जोडलेला आहे.

जुने लोक घर असं बांधत की एका वर्षी पाया, दोन वर्षांनी भिंती, पैसा येईल तेव्हा वरचं धाबं. वीस-वीस वर्षं घर अपुरं राहायचं, बायका पावसात गळणाऱ्या कोपऱ्यांत स्वयंपाक करायच्या. त्या दिवसांकडं परत जा, असं मी कुणाला म्हणणार नाही. कर्जामुळं तिशीतल्या माणसाला पक्कं घर मिळतं, मुलं स्वतःच्या घरात वाढतात. फक्त त्या जुन्या पद्धतीतली एक गोष्ट घ्या : पहिल्याच दिवशी सगळं घर बांधायचा हट्ट नको. आपल्याकडं तापी-पूर्णेच्या काळ्या मातीत पाया खोल न्यावा लागतो, तिथंच अंदाजपत्रक हलतं, आणि मग टाइल्स, मॉड्युलर किचन, वरचा मजला यांसाठी सोनं गहाण पडतं किंवा वैयक्तिक कर्ज निघतं. वरचा मजला पाच वर्षांनी चढवा. कमी काढलेल्या प्रत्येक लाखामागं वीस वर्षांत दोन लाख आठ हजारांचे हप्ते वाचतात.

शेवटची एक गोष्ट, ज्यांचं कर्ज फिटलं आहे त्यांच्यासाठी. पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रं परत देणं आणि बोजा उतरवायची कारवाई करणं, ही बँकेची जबाबदारी आहे. १ डिसेंबर २०२३ पासून, तिच्या चुकीमुळं उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. तरीही कितीतरी सातबाऱ्यांवर आणि घराच्या उताऱ्यांवर दहा-दहा वर्षांपूर्वी फिटलेल्या कर्जाचा बोजा अजून लिहिलेला सापडतो. तो लक्षात येतो मुलाला कर्ज हवं असतं तेव्हा, किंवा वाटणी करायची असते तेव्हा, आणि तोवर शाखेतली माणसं बदललेली असतात. बँकेकडून बेबाकी दाखला घ्या, तो तलाठ्याकडं किंवा नगरपंचायतीत द्या, आणि नवा उतारा हातात घेऊन ‘इतर हक्क’ हा रकाना स्वतःच्या डोळ्यांनी वाचा.